सरवा वेचणारा न्यायमूर्ती

जकात माफ. सांगायचं एवढंच होतं. पण राजाने ते तांब्यात कोरून घेतलं. साल शके १०१६, म्हणजे इसवी सन १०९४-९५. राजा उत्तर कोकणचा शिलाहार अनंतदेव. सवलत मिळाली ती भाभण नावाच्या श्रेष्ठीला आणि त्याच्या भावाला. दोघंही मंत्र्याच्या घरातले. त्यांचा माल श्रीस्थानक, नागपूर, शूर्पारक, चेमूली या आणि अशाच बंदरांत आला, तर नाक्यावरच्या माणसाने जकात मागायची नाही, असा हुकूम. श्रीस्थानक म्हणजे आपलं ठाणं. शूर्पारक म्हणजे नालासोपाऱ्यातलं सोपारं. चेमूली म्हणजे अलिबागजवळचं चौल. नागपूर मात्र संत्र्यांचं नव्हे, हे कोकणातलं, बहुधा नागोठणं.

ही यादी मी पहिल्यांदा वाचली तेव्हा पुढचं वाचायचं राहूनच गेलं. ज्या गावांची नावं आपण रेल्वेच्या इंडिकेटरवर बघतो आणि नजर फिरवतो, ती नऊशे वर्षांपूर्वी एका सरकारी हुकमात अशीच एकापुढे एक मांडलेली होती, आणि तीही जकातीच्या संदर्भात. जकात आहे म्हणजे नाका आहे, नाका आहे म्हणजे रहदारी आहे, आणि माफी मिळवण्याइतकी जकात जड आहे म्हणजे व्यापार मोठा आहे. तीन-चार ओळींत अख्खा किनारा उभा राहतो.

हा ताम्रपट सापडला खाली खारेपाटणला, आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यात. तो वाचून ‘इंडियन अँटिक्वरी’ या मुंबईच्या नियतकालिकात १८८० साली छापला तो कुणा पेशाने पुराणवस्तू-संशोधक असलेल्या माणसाने नव्हे. वाचणारा मुंबई हायकोर्टात वकिली करत होता, आणि त्याची तिशी अजून उलटायची होती. काशिनाथ त्र्यंबक तेलंग.

तेलंगांचं नाव आज कुठे निघालं तर बहुतेक काँग्रेसच्या स्थापनेच्या यादीत निघतं: मेहता, तय्यबजी, तेलंग. यादीतलं तिसरं नाव, म्हणजे परीक्षेत लिहायचं आणि विसरायचं. त्यांच्यावरचे लेख पदव्यांची आणि पदांची माळ ओवतात आणि शेवटी हळहळतात: अवघ्या त्रेचाळीस वर्षांत केवढं काम! मला त्या माळेचं फारसं कौतुक नाही. माझं कुतूहल वेगळंच आहे. या माणसाच्या हाताखालून ताम्रपट गेला, रामायण गेलं, नाटकाची पोथी गेली, मराठ्यांच्या बखरी गेल्या, हिंदू कायद्याची भाष्यं गेली आणि सरकारची विधेयकंही गेली. प्रत्येक वेळी त्याने एकच केलं. समोरच्या गोष्टीला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं केलं आणि विचारलं: तुला हे कसं ठाऊक?

ताम्रपटाचंच पाहा. इतिहासकार त्यात राजांची वंशावळ शोधतो, भाषेचा अभ्यासक जुनी रूपं शोधतो. वकिलाला पहिल्या नजरेत दिसतं ते एक दस्तऐवज. देणारा कोण, घेणारा कोण, देतोय ते नक्की काय, कुठल्या हद्दीत, कुठल्या तिथीला, आणि शेवटी मोडणाऱ्याचं काय होईल. शिलाहार राजा स्वतःला पुरीसह चौदाशे गावांच्या कोकणाचा धनी म्हणवतो. ती झाली देणाऱ्याची पात्रता. शेवटची शापवचनं, हे दान जो हिरावेल तो अमुक हजार वर्षं नरकात पडेल वगैरे, ती झाली दंडाची तरतूद. आजच्या खरेदीखताचा सांगाडा याहून फार निराळा नाही. फक्त नरकाच्या जागी मुद्रांक आला.

काशिनाथ तेलंगांचा जन्म ३० ऑगस्ट १८५० रोजी मुंबईत, एका सारस्वत कुटुंबात झाला. काकांना दत्तक गेल्यामुळे नावापुढे त्र्यंबक लागलं. आपल्या दत्तविधानाने बापाचं नाव बदललेला हा मुलगा पुढे हिंदू कायद्याचा जाणकार झाला, ही मौज मला उगाचच आवडते. शाळा-कॉलेज एल्फिन्स्टनचं. संस्कृत घरचं असावं इतकं पक्कं. एम.ए., एलएल.बी. झाल्यावर १८७२ साली ते हायकोर्टाच्या ‘ओरिजिनल साइड’चे ॲडव्होकेट झाले. या दोन शब्दांत त्या काळी मोठी भिंत होती. मुंबई हायकोर्टाच्या अपील शाखेत देशी वकील भरपूर होते. मूळ शाखेत, जिथे शहरातले मोठे पैशाचे दावे चालत, तिथे विलायतेतून बॅरिस्टर होऊन आलेल्यांचा दबदबा. समुद्र न ओलांडता त्या शाखेत शिरायचं तर हायकोर्टाची अवघड परीक्षा द्यावी लागे. तेलंगांनी ती दिली.

आता योगायोग बघा. त्याच १८७२ साली हिंदुस्थानचा पुराव्याचा कायदा आला. जेम्स फिट्झजेम्स स्टीफन यांनी रचलेला. साक्ष कशाला म्हणायचं, ऐकीव माहिती का चालत नाही, मेलेल्या माणसाचं बोलणं कधी ग्राह्य धरायचं, हे सगळं पहिल्यांदाच एका जागी कलमवार बांधलं गेलं. त्यातलं नव्वदावं कलम मला फार सुरस वाटतं: तीस वर्षांहून जुना दस्त योग्य ठिकाणाहून, म्हणजे जिथे तो असायला हवा अशा ताब्यातून पुढे आला, तर त्यावरची सही आणि हस्ताक्षर खरं आहे असं कोर्ट धरून चालू शकत असे. साक्षीदार मेले असतील, लिहिणारा मेला असेल. कागद कुणाच्या पेटीतून निघाला हे विचारा. इतिहासाच्या संशोधकाला पोथी हातात आल्यावर पडणारा पहिला प्रश्न हाच. तेलंगांची वकिली आणि हा कायदा एकाच वर्षी सुरू झाले, आणि त्यांचं पुढचं सगळं लेखन वाचताना ही कलमं मागे कुठेतरी वाजत राहतात असं मला वाटतं.

पहिला मोठा दावा रामायणाचा. बर्लिनचे अल्ब्रेख्ट वेबर हे त्या काळचे संस्कृतचे दिग्गज. १८७० मध्ये त्यांनी मांडलं की रामकथेचं मूळ रूप बौद्ध दशरथजातकात आहे, आणि त्यात सीतेचं हरण नाहीच. हरण आणि लंकेचा वेढा नंतर आला, तो होमरच्या काव्यांचा परिणाम असावा. हेलनला पळवलं, ट्रॉयला वेढा पडला. सीतेला पळवलं, लंकेला वेढा पडला. ओडिसियसने धनुष्य वाकवलं, रामाने शिवधनुष्य. आकृती जुळते, म्हणजे उसनवारी.

तेलंगांनी १८७३ मध्ये ‘रामायण होमरवरून उचललं काय?’ अशा अर्थाच्या नावाची इंग्रजी पुस्तिका काढून उत्तर दिलं. वय बावीस-तेवीस. तेव्हाच्या एखाद्या तरुणाने चिडून लिहिलं असतं, आणि चिडणारे होतेच. तेलंग चिडत नाहीत. वादीने दावा केला आहे, तर सिद्ध करायची जबाबदारी वादीवर, या थाटात ते एकेक साम्य हातात घेतात. बायको पळवली म्हणून युद्ध होणं ही काही ग्रीकांची मक्तेदारी नाही. दोन गोष्टी सारख्या दिसल्या म्हणजे एकीने दुसरीची नक्कल केली असं होत नाही. आधीची कुठली आणि तिची दुसरीशी गाठ कुठे पडली, हे दाखवावं लागतं.

पण ज्या एका पुराव्यापाशी माझं डोकं थांबतं तो पुढच्या वर्षीचा, १८७४ चा. पतंजलीचं महाभाष्य हा व्याकरणाचा ग्रंथ, साधारण इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला. व्याकरणकार नियम सांगतो आणि नियमाला उदाहरण देतो. उदाहरण कुठून घेतलं हे सांगायची त्याला गरज नसते, कारण ऐकणाऱ्यांना ते पाठ असतं. तशाच एका उदाहरणात अर्धा श्लोक आहे. भावार्थ असा की माणूस जगून राहिला तर शंभर वर्षांनी का होईना, आनंद त्याला गाठतोच. हा श्लोकार्ध रामायणात आहे, हे तेलंगांनी दाखवलं. म्हणजे व्याकरणाच्या एका रुक्ष पानावर, शब्दाच्या रूपाची चर्चा चालू असताना, पतंजलीने नकळत साक्ष दिली. इतका विश्वासार्ह साक्षीदार दुर्मीळच, कारण आपण साक्ष देतोय हे त्याच्या गावीही नाही.

इथे दुसऱ्या बाजूच्या वकिलालाही बोलू द्यायला हवं. रामायणात हे वाक्य ज्याच्या तोंडी येतं तो स्वतःच सांगतो की ही लोकांत चालत आलेली गाथा आहे, म्हणजे म्हण. मग पतंजलीने ती रामायणातून घेतली, की दोघांनी लोकांच्या तोंडून? साक्षीदार खरा, पण त्याची साक्ष वाटली तेवढी पुरत नाही. तरीही या वादात हिंदी माणसाने पहिल्यांदाच युरोपीय विद्वानाला त्याच्याच हत्याराने गाठलं होतं. गीता ही बायबलच्या नव्या कराराची उसनवारी आहे असं लोरिन्झर नावाच्या जर्मन पंडिताने म्हटलं होतं; त्यावर तेलंगांनी १८७५ मध्ये गीतेचं इंग्रजी पद्यभाषांतर केलं आणि प्रस्तावनेत त्यालाही असंच उलटं तपासलं. मॅक्समुल्लरच्या ‘सेक्रेड बुक्स ऑफ द ईस्ट’ या पन्नास खंडांच्या मालेत १८८२ चा आठवा खंड तेलंगांचा आहे: गीता, सनत्सुजातीय आणि अनुगीता. त्या मालेच्या भाषांतरकारांत हिंदुस्थानातला माणूस तेवढा एकच.

१८८४ मध्ये त्यांनी विशाखदत्ताचं ‘मुद्राराक्षस’ संपादित केलं. नाटक चाणक्याच्या कारस्थानांचं, पण गुंता त्याच्या शेवटच्या श्लोकात आहे. भरतवाक्यात राजाला आशीर्वाद असतो, आणि नाटककार बहुधा आपल्याच काळच्या राजाचं नाव तिथे घालतो. काही पोथ्यांत तिथे चंद्रगुप्त आहे. काहींत अवंतिवर्मा. काहींत आणखी भलतंच. चंद्रगुप्त हा नाटकातलाच नायक, तेव्हा लेखनिकाने अनोळखी नाव काढून ओळखीचं घातलं असेल हे सहज पटतं. उलटं कुणी कशाला करेल? अवंतिवर्मा हे नाव तिथे फुकट आलेलं नाही, असं धरून तेलंगांनी त्याला मौखरी घराण्यातला राजा मानलं. त्याच्याच मुलाला हर्षवर्धनाची बहीण राज्यश्री दिली होती. एका नावाच्या दोरीला धरून नाटक सातव्या शतकाच्या आसपास येऊन थांबलं. काश्मीरचाही एक अवंतिवर्मा होता, दोनशे-अडीचशे वर्षांनंतरचा, आणि काहींचा कौल त्याला आहे. वाद अजून मिटलेला नाही.

आणि एकदा साक्षीदाराने त्यांना सपशेल फसवलं. शंकराचार्यांचा काळ ठरवायचा होता. ब्रह्मसूत्रभाष्यात एका ठिकाणी आचार्य अशक्य गोष्टीचं उदाहरण देतात: पूर्णवर्म्याच्या अभिषेकाआधी वांझेचा मुलगा राजा होता असं कुणी म्हटलं, तर जसं निरर्थक, तसं. तेलंगांनी लगेच पूर्णवर्म्याला पकडलं. चिनी प्रवासी ह्यूएन त्संगने मगधाच्या एका पूर्णवर्म्याचा उल्लेख केला आहे. उदाहरणात माणूस आपल्या काळचाच राजा घेणार. म्हणून शंकराचार्य सहाव्या शतकातले. तर्क देखणा आहे. पण व्याकरणकार आणि भाष्यकार ‘देवदत्त, यज्ञदत्त’ अशी नावं जितक्या सहज फेकतात, तितक्याच सहज ‘पूर्णवर्मा’ही फेकू शकतात. आज अभ्यासक आचार्यांना आठव्या शतकात ठेवतात. ज्या युक्तीने पतंजलीला बोलतं केलं, तीच युक्ती इथे अंगावर आली. मला हे अपयशही त्यांच्या यशाइतकंच बघण्यासारखं वाटतं, कारण दोन्हीकडे हात एकच चालला आहे.

आता बखरींकडे यायला हवं, कारण तेलंगांचं सगळ्यांत आपलं, आपल्या मातीतलं काम तिथे आहे.

मराठ्यांचा इतिहास म्हणजे तोवर ग्रँट डफ. १८२६ चे तीन खंड. डफने कागद पुष्कळ पाहिले होते, पण त्याची नजर लढाया, तह आणि सरदारांच्या चढउतारावर. १८७८ पासून काशिनाथ नारायण साने आणि जनार्दन बाळाजी मोडक यांनी ‘काव्येतिहाससंग्रह’ मासिक काढून बखरी छापायला सुरुवात केली आणि घरोघरच्या पेट्यांतले कागद उजेडात आले. बखर म्हटली की अभ्यासकांचे दोन पंथ पडायचे, आजही पडतात. एकाला बखर म्हणजे आजोबांच्या तोंडची प्रत्यक्ष हकीकत, दुसऱ्याला नुसती भाकडकथा.

वकिलाला दोन्ही टोकं चालत नाहीत. तो विचारतो, हा साक्षीदार कोण? कृष्णाजी अनंत सभासद शिवाजीमहाराजांच्या दरबारातला माणूस, त्याने राजारामाच्या सांगण्यावरून जिंजीला लिहिलं. मल्हार रामराव चिटणीसाने लिहिलं ते पेशवाईच्या अखेरीस, महाराजांनंतर शंभरहून अधिक वर्षांनी. एकाने पाहिलं, दुसऱ्याने ऐकलं आणि घरातले कागद चाळले. दोघांना एका रांगेत बसवता येत नाही, पण दुसऱ्याला बाहेरही काढता येत नाही. त्यापुढचा प्रश्न त्याहून धूर्त: हा खोटं कुठे बोलेल? बखरकार धन्याची थोरवी सांगायला बसला आहे. शत्रूचं सैन्य किती, कापले किती, लूट किती, इथे तो आकडा फुगवणार. पण धन्याच्या पंगतीला कोण बसलं, मुलीचं लग्न कुणी अडवलं, कुठल्या शास्त्र्याने काय निर्णय दिला, यात त्याला लपवण्यासारखं काही नाही. ते तो जाता जाता सांगून जातो. तिथेच कान टवकारायचे.

तेलंगांच्या या विषयावरच्या इंग्रजी निबंधाचं नाव ‘ग्लीनिंग्ज फ्रॉम मराठा क्रॉनिकल्स’. यातल्या पहिल्या शब्दाला आपल्याकडे अस्सल शब्द आहे: सरवा. कापणी झाली, पेंढ्या खळ्यावर गेल्या, की शेतात गळून पडलेली कणसं, शेंगा वेचायच्या, तो सरवा. पीक मालकाचं, सरवा वेचणाऱ्याचा. डफने लढायांचं पीक नेलं होतं. मागे राहिलेलं तेलंगांनी वाकून वाकून वेचलं.

काय सापडलं? शिवाजीमहाराजांचा राज्याभिषेक ६ जून १६७४ चा. त्याच्या आधी मुंज करावी लागली, महाराजांचं वय तेव्हा चव्वेचाळीस. काशीहून आलेल्या गागाभट्टाने शास्त्राची वाट काढून दिली. आपण ही गोष्ट शाळेत ऐकतो आणि भगव्या झेंड्याच्या उजेडात बघतो. तेलंग तीच गोष्ट कायद्याच्या अंगाने बघतात: धर्मशास्त्र दगडात कोरलेलं होतं, गरज पडल्यावर वाकतही नव्हतं, या समजुतीचं मग काय करायचं? पुढे पेशवाईत परशुरामभाऊ पटवर्धनांची लेक लहानपणीच विधवा झाली आणि भाऊंनी तिच्या पुनर्विवाहाचा विचार केला, शास्त्रीमंडळींना विचारलं, ही हकीकत. पेशव्यांचा एवढा मातबर सरदार, चित्पावन ब्राह्मण, आणि तो हा प्रश्न उघडपणे विचारतो. लग्न झालं नाही ते शास्त्रामुळे तितकंसं नव्हे, घरातून आणि समाजातून आलेल्या विरोधामुळे. तेलंगांच्या काळात पुनर्विवाहावर पुण्या-मुंबईत रण माजलेलं होतं, आणि सनातनी म्हणत होते की हे विलायती खूळ. त्यांच्यासमोर शंभर वर्षांपूर्वीचा साक्षीदार उभा करणं ही मामुली गोष्ट नव्हती. आज आपण ज्याला सामाजिक इतिहास म्हणतो, राजांऐवजी घरातल्या माणसांचा, तो मराठीच्या मुलखात इथे डोळे उघडताना दिसतो.

कोर्टातही हेच. १८८५ मध्ये रखमाबाईंचा खटला उभा राहिला. अकराव्या वर्षी लग्न झालेली मुलगी मोठी झाल्यावर नवऱ्याकडे नांदायला जायला नाही म्हणाली. नवऱ्याने वैवाहिक हक्कांसाठी दावा लावला. तिच्या बाजूने बॅरिस्टर इन्व्हेरॅरिटी यांच्याबरोबर तेलंग उभे होते. बायकोला कोर्टाच्या हुकमाने नांदायला पाठवण्याचा हा इलाज मुळात विलायती धर्मपीठांच्या कायद्यातला, हिंदू शास्त्रात त्याला आधार कुठे, हा मुद्दा त्या खटल्याच्या पोटात होता. न्यायमूर्ती पिन्हे यांनी दावा फेटाळला. अपिलात तो निर्णय फिरला. १८८७ मध्ये नांदायला जा नाहीतर कैद, असा निकाल आला आणि रखमाबाईंनी कैद पत्करू म्हटलं. अखेर १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. त्या पुढे विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या.

१८८९ मध्ये तेलंग स्वतः हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले. दोन वर्षांनी आपाजी नरहर कुलकर्णी विरुद्ध रामचंद्र रावजी कुलकर्णी हा दावा पूर्णपीठापुढे आला. प्रश्न असा: बाप आपल्या बापाबरोबर किंवा भावांबरोबर एकत्र आहे, अशा वेळी मुलाला बापाची संमती नसताना वाटणी मागता येते का? बाकीचे न्यायाधीश म्हणाले, नाही. तेलंग एकटे म्हणाले, येते. मिताक्षरा या भाष्याप्रमाणे मुलाचा हक्क जन्मतः आहे, तो बापाच्या मर्जीवर टांगता येणार नाही. निकाल अर्थातच बहुमताचा लागला आणि मुंबई इलाख्यात तोच चालला. बाहेरच्या हायकोर्टांनी मात्र तेलंगांची बाजू उचलली. परिणाम असा, की वाटणीच्या या एका मुद्द्यावर मुंबईचा कुळकर्णी आणि मद्रासचा अय्यर यांचा हिंदू कायदा कित्येक वर्षं वेगवेगळा होता.

राजकारणाचं थोडक्यात सांगतो, कारण ते सगळीकडे सापडतं. इल्बर्ट विधेयकाच्या वेळी, १८८३ मध्ये, गोऱ्या आरोपीचा खटला हिंदी न्यायाधीशापुढे चालावा की नाही यावर देश तापला, आणि मुंबईत पारशी मेहता, मुसलमान तय्यबजी आणि हिंदू तेलंग हे तिघे वकील एका व्यासपीठावर आले. जानेवारी १८८५ मध्ये त्यांनी बॉम्बे प्रेसिडेन्सी असोसिएशन काढली. त्याच वर्षाच्या डिसेंबरात काँग्रेसचं पहिलं अधिवेशन पुण्यात भरायचं ते पटकीच्या साथीमुळे मुंबईला, गवालिया टँकजवळच्या गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत भरलं. तिथे कायदेमंडळांत निवडून आलेले लोक घ्या, हा ठराव तेलंगांनी मांडला. मराठीत त्यांनी ‘स्थानिक राज्यव्यवस्था’ हे पुस्तक भाषांतरून दिलं, आणि लेसिंगचं ‘नेथन’ नाटकही. सगळे धर्म एकाच अंगठीच्या तीन नकला, असं सांगणारं ते नाटक त्यांना मराठीत आणावंसं वाटलं, हे मेहता-तय्यबजींच्या शेजारी ठेवून बघावं.

१८८६ मध्ये त्यांनी एक व्याख्यान दिलं: समाजसुधारणा राजकीय सुधारणेच्या आधी व्हायला हवी का? उत्तर सौम्य होतं. जिथे विरोध कमी, तिथून पुढे सरका. राजकारणात वाट मोकळी आहे, घरात नाही. हे वाक्य त्यांच्या आयुष्यात परत आलं. अखेरच्या काळात त्यांनी आपल्या मुलीचं लग्न तिच्या बालवयातच लावून दिलं. रखमाबाईंचा वकील, परशुरामभाऊंच्या लेकीची हकीकत उकरून काढणारा माणूस. टीकाकारांनी सोडलं नाही, आणि का सोडावं? घरच्या वडीलधाऱ्यांपुढे ते नमले असं म्हणून मित्रांनी सांभाळून घेतलं. मला ते सांभाळून घेणं पटत नाही. पण बखरीतून सरवा वेचताना त्यांनी जी नजर वापरली, तीच त्यांच्याकडे वळवली तर हेच दिसतं: निर्णय शास्त्र अडवत नाही, माजघर अडवतं. परशुरामभाऊंच्या वाड्यात जे घडलं ते पुन्हा घडलं, आणि यावेळी बखरकारच त्यात सापडला.

१८९२ मध्ये ते मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू झाले, रॉयल एशियाटिक सोसायटीच्या मुंबई शाखेचे अध्यक्षही. दोन्ही ठिकाणी पहिले हिंदी. पुढच्या वर्षी १ सप्टेंबर १८९३ ला ते गेले. हायकोर्टातली त्यांची जागा महादेव गोविंद रानड्यांना मिळाली. वयाने रानडे आठ वर्षांनी मोठे, आणि सरकारने त्यांना इतकी वर्षं हायकोर्टापासून लांब ठेवलं होतं. खुर्ची मिळाली ती धाकट्या मित्राच्या मृत्यूने.

मराठ्यांच्या इतिहासाचं काम दोघांच्याही मनात होतं. १९०० मध्ये रानड्यांचं ‘राइज ऑफ द मराठा पॉवर’ बाहेर आलं, आणि त्याच्या शेवटी त्यांनी तेलंगांचा तो निबंध जोडून दिला. रानड्यांची प्रकरणं चौथाई-सरदेशमुखी आणि दक्षिणेतले मराठे इथपर्यंत येऊन थांबतात. पेशवाईचा पुढचा भाग लिहायचा राहिला, कारण जानेवारी १९०१ मध्ये रानडेही गेले. त्यामुळे त्या पुस्तकात पेशवाईतली माणसं, त्यांची लग्नं, पंगती, प्रायश्चित्तं आणि भांडणं भेटतात ती जवळपास सगळी शेवटच्या पानांवर, तेलंगांनी वेचून ठेवलेल्या सरव्यात.